बेटाच्या शिवेवर

माझ्या आईनं नऊ दिवस दुधाचा चहा सोडला होता आणि तो पुन्हा सुरू होणं माझ्यावर अवलंबून होतं. हे आधीच सांगून टाकते. नाहीतर त्या बेटावर मी जे केलं ते वाचणाऱ्याला नुसता वेडेपणा वाटेल. मला स्वतःलाही ते कधी कधी तसंच वाटतं.

आम्ही मेंढरंवाले. गावात घर आहे, पण वर्षातले सात-आठ महिने आई आणि आप्पा मेंढरं घेऊन रानोरान असतात. सुगी झाली की शेतकरी आपल्या मोकळ्या रानात मेंढरं बसवून घेतात. लेंड्यांचं खत रानाला मिळतं, त्याबदली आम्हाला धान्य मिळतं. चार दिवस एका रानात, आठ दिवस दुसऱ्या. मी सहावीपासून वसतिगृहात राहिले आणि मग बीडच्या कॉलेजात आले. आमच्या घरातून कॉलेजात गेलेली मी पहिलीच. त्यामुळं कुठं विचारायचं असतं आणि कुठं गप्प बसायचं असतं हे मला अजून नीट कळत नाही. सुट्टीत मात्र मी मेंढरांमागंच असते. मागं म्हणजे खरंच मागं. आप्पा पुढं चालतात, हाळी देतात, कळप त्यांच्या पाठीनं जातो. राहिलेलं लंगडं, गाभण किंवा खादाड जनावर हाकत आणणं हे लहानपणापासून माझं काम.

नव्या गावाच्या हद्दीत शिरताना आमच्यात एक रीत आहे. शिवेवर कुठला तरी देव असतोच. कधी म्हसोबा असतो, कधी नुसता शेंदूर फासलेला दगड. आई आधी त्याच्याकडं जाते. दगडाला चिमूटभर भंडारा, म्हणजे हळदीची पूड वाहते, मेंढीच्या दुधाची धार सोडते आणि मोठ्यानं सांगते, “आमी आलोय. अमक्या दिशी निघून जाऊ. तवर संभाळ.” निघायचा दिवस सांगणं सगळ्यांत महत्त्वाचं. हे झालं की मग मेंढरं पाण्यावर सोडायची, आणि माणसांनीही त्यानंतरच पाणी प्यायचं.

पशुपालनाच्या पंधरा दिवसांच्या प्रशिक्षणासाठी ग्रीसला जाणाऱ्या विद्यार्थ्यांत माझं नाव आलं, तेव्हा आई-आप्पांचा तळ नांदूरघाटाजवळ होता. मी निरोप घ्यायला तिथं गेले. आईनं गोळ्यांच्या रिकाम्या डबीत भंडारा भरून माझ्या हातात ठेवला.

“पोचल्या पोचल्या शिवेवर मान दे,” ती म्हणाली. “निघायचा दिस सांग. न सांगता ऱ्हायलं की मुलूख धरून ठिवतो.”

“आये, तिथं शीव कुठली असंल? तिथं विमानतळ असतो.”

“मग त्याच्या शिवेवर दे. माणूस ऱ्हातो तिथं शीव असती. तू मान दिलास म्हणून सांगस्तवर मी दुधाचा च्या घेणार न्हाई.”

आप्पा बाजूला दोर वळत बसले होते. ते म्हणाले, “आन मी?”

“तुमाला कावून येगळा करू? एकच भगुनं हाय.”

अथेन्सला पोचल्यावर मी खरंच शीव शोधली. विमानतळाच्या बाहेर सगळा रस्ताच होता. शहरात चर्च होती, मोठी, आत गारवा आणि मेणाचा वास. लोक आत जाऊन तसबिरीला ओठ लावायचे. मी दाराशी उभी राहून बघायची, पण त्या चकचकीत फरशीवर डबी उघडायचा धीर झाला नाही. जुने देव संग्रहालयात काचेच्या आत होते. आम्हाला शिकवणाऱ्या एका सरांना मी विचारलं, “तुमच्या शहराची शीव कुठं आहे?” त्यांनी मनापासून विचार केला आणि मेट्रोच्या नकाशावरचं शेवटचं स्टेशन दाखवलं.

आईचा रोज फोन यायचा.

“झालं का?”

“न्हाई अजून.”

“बरं.”

पहिले दोन दिवस ते ‘बरं’ साधं होतं. पाचव्या-सहाव्या दिवशी ते अगदी आखूड झालं. आईला चहा किती लागतो हे मला माहीत आहे. पहाटे मेंढरं उठायच्या आधी एक, ऊन चढलं की एक, संध्याकाळी कोकरं पाजून झाली की एक. बिनदुधाचा चहा ती तोंड वाकडं करून घेते, औषधासारखा.

माझ्या खोलीतली मैत्रीण म्हणाली, “झालं म्हणून सांग की. तिला काय दिसतंय व्हय तिकडून?”

ही मैत्रीण माजलगावकडची, उसाच्या पट्ट्यातली. तिच्या घरचं रान मोठं. दुसऱ्याच दिवशी बोलता बोलता आम्हाला कळलं की आमची मेंढरं त्यांच्या रानात बसतात. मग अर्धा तास आम्ही दोघीही फार नीट बोलत होतो, परक्यांसारखं. शेवटी तीच हसली. तिला एक खोड होती. जिथं चहा-कॉफी मिळेल तिथून साखरेच्या पुड्या आणि दुधाच्या अंगठ्याएवढ्या डब्या उचलायच्या. साखर ती जिभेवर ठेवून बघायची आणि निकाल द्यायची, “आमच्या कारखान्याची बरी.”

तिचं म्हणणं मला पटत नव्हतं असं नाही. पण झालं म्हणून सांगितलं असतं तर मी कधी निघणार हे प्रत्यक्षात कुणालाच सांगितलेलं नसतं, आणि आई मात्र सांगितलंय या भरवशावर चहा प्यायली असती. तो चहा मला चालला नसता. मुलूख धरून ठेवतो यावर माझा विश्वास आहे का, हे मला सांगता येत नाही. विचारलंच तर मी नाही म्हणेन. पण डबी रोज सोबत घ्यायची.

नवव्या दिवशी रविवार होता. प्रशिक्षणवाल्यांनी आमची एका बेटाची सहल ठरवली होती. सकाळी जायचं, संध्याकाळी परत, सोबत माहिती सांगणारी बाई. त्या बेटाचं नाव मला अजून नीट उच्चारता येत नाही, म्हणून लिहीत नाही. पत्रकात लिहिलं होतं की बेटावर डोंगराच्या माथ्यावर एका देवीचं फार जुनं देऊळ आहे. ते वाचून मी ठरवलं, हीच शीव. शहरात मी पहिल्याच दिवशी पाणी पिऊन बसले होते, ती चूक झालीच होती. निदान बेटावर तरी रीतीनं करायचं. मान दिल्याशिवाय तिथं पाणी प्यायचं नाही. हे मी मैत्रिणीला सांगितलं नाही. ती हसली असती.

बोट केवढी होती ते कसं सांगू? आमच्या तालुक्याचा बाजार भरतो तेवढी माणसं आणि त्यांच्या गाड्या तिच्या पोटात गेल्या. मी त्याआधी पाहिलेलं सगळ्यांत मोठं पाणी माजलगावच्या धरणाचं. त्याला पलीकडचा काठ दिसतो. इथं काठ नव्हता आणि पाणी निळं होतं, कपड्याला नीळ जरा जास्त झाल्यावर होतं तसं. मी कठड्याला धरून उभी होते आणि मला सारखा एकच प्रश्न पडत होता की एवढ्या पाण्यात एका गावाची हद्द कुठं संपते हे कोळ्यांना कसं कळत असेल.

माहिती सांगणारी बाई पन्नाशीची असेल. केस आखूड, आवाज जरा घोगरा. तिच्या हातात मिटलेली लाल छत्री होती. ती छत्री उंच धरून पुढं चालायची आणि आम्ही विद्यार्थी आणि इतर पर्यटक मिळून तेवीस जण मागं. दर थांब्यावर ती वळून मोजायची. मी आपली शेवटी. एक म्हातारं जोडपं दर दुकानापाशी रेंगाळायचं, एक जाडे गृहस्थ सारखे फोटोसाठी वाकायचे. त्यांना पुढं घेत घेत मी चालत होते. मुद्दाम केलं असं नाही, पाय तसेच पडतात. बेटाच्या धक्क्यावर उतरल्यावर बाई माझ्याजवळ येऊन इंग्रजीत म्हणाली, “तू माझी माणसं हाकतेस.”

मी घाबरून माफी मागितली.

“माफी कशाची? इतक्या वर्षांत मला मागं चालणारं कुणी मिळालं नव्हतं.”

मग मी धीर करून तिला सांगितलं की माझे वडील पुढं चालतात, ते मोजत नाहीत, तोंडं बघतात. कुठलं तोंड दिसत नाही ते त्यांना लगेच कळतं. तिला ते फार आवडलं. पुढच्या थांब्यावर तिनं मोजण्याऐवजी सगळ्यांच्या तोंडांकडं बघायचा प्रयत्न केला, आणि मग हळूच बोटांनी मोजून घेतलं.

बसमधून जाताना ती बेटाची माहिती सांगत होती. दोन्ही बाजूंना पिस्त्याची झाडं होती. पिस्ता मी बर्फीवर पाहिलेला. तो झाडाला लागतो, घोसानं लागतो आणि हिरवा असताना त्याला लालसर साल असते, हे बघून मी काचेला नाक लावून बसले. झाडं आपल्या बोरीएवढी, बुटकी. बाई म्हणाली, या बेटाला पाण्याची फार टंचाई. ती लहान असताना प्यायचं पाणी पलीकडून बोटीनं यायचं. बोट आली की बायका भांडी घेऊन धक्क्यावर धावायच्या.

मी आणि मैत्रिणीनं एकमेकींकडं पाहिलं.

“टँकर,” ती म्हणाली.

“टँकरच,” मी म्हणाले.

“म्हंजे समुद्र भोवती आन प्यायला टँकर. आपलं बरंय म्हणायचं. आपल्याकडं निदान दिसत तरी न्हाई.”

यावर आम्ही दोघी इतक्या हसलो की बाईनं बोलणं थांबवून काय झालं ते विचारलं. मैत्रिणीनं सांगितलं. टँकरसाठी रांगेत लावलेल्या घागरींची वर्णनं ती करत होती आणि बाई मान हलवत होती, तिला सगळं कळत असल्यासारखी.

देऊळ माथ्यावर होतं. वाटेत चिडाची, म्हणजे पाइनची झाडं, त्यांच्या खोडांना खाचा पाडून डिंक धरलेला, त्याचा वास गरम हवेत भरलेला. खाली कुठं तरी शेळ्यांच्या घंटा वाजत होत्या. मी सवयीनं आवाजावरून अंदाज घेतला, तीस-चाळीस तरी असाव्यात.

देवळापाशी पोचल्यावर मी चपला काढल्या.

कुणीच काढल्या नव्हत्या. दगड तापले होते, मी टाचांवर चालत होते. मोठे खांब, वर छप्पर नाही, भिंती नाहीत. भोवती दोर लावलेला. मी दोराच्या कडेनं हिंडून बघितलं, पण देवी कुठं दिसेना. शेवटी बाईला विचारलं, “मूर्ती कुठं आहे?”

“इथं नाही. फार वर्षांपूर्वी इथली शिल्पं बाहेरच्या लोकांनी नेली. दुसऱ्या देशातल्या संग्रहालयात आहेत.”

“नेताना विचारलं होतं का?”

“कुणाला?”

“इथल्या लोकांना. नाहीतर देवीला.”

ती आधी हसली. मग खांबांकडं बघत थांबली. “नाही,” ती म्हणाली. “मला नाही वाटत कुणी विचारलं असेल.”

देवी गेली तरी जागा तीच, असा मी विचार केला. आमच्याकडंही कुठं कुठं दगड पुरात वाहून जातो, तरी आई तिथल्या जमिनीला भंडारा वाहते. सगळे फोटो काढण्यात होते. मी दोराजवळच्या एका पडलेल्या खांबाशी वाकले, डबी उघडली आणि चिमूट घेतली.

“ते काय आहे?” बाई माझ्या मागं उभी होती.

मी हळद म्हणाले. देवासाठी, असंही म्हणाले. त्यापुढं इंग्रजी सुचेना.

तिनं माझं मनगट धरलं नाही, पण हात मध्ये आणला. “इथं नको. हा दगड फार सच्छिद्र आहे. रंग आत शिरला की निघत नाही. हे मी सांभाळते. काही होऊ दिलं तर उद्यापासून मला इथं येता येणार नाही.”

मला हळदीचा डाग माहीत आहे. आईच्या पदराचे डाग मी जन्मभर बघते आहे. मी चिमूट परत डबीत टाकली, बोटं रुमालाला पुसली आणि चपला घालायला गेले. रुमाल पिवळा झाला. मला रडू येत होतं आणि त्याची लाजही वाटत होती. आता उरलेल्या दिवसांत शहराबाहेर जाणं नव्हतं. म्हणजे आईला आणखी सहा दिवस काळा चहा, नाहीतर मी खोटं बोलायचं.

उतरताना मी नेहमीसारखी शेवटी होते. वाट वळली, म्हातारं जोडपंही पुढं गेलं. सकाळपासून पोटात पाणी नव्हतं. आपल्याकडच्या उन्हापुढं तिथलं ऊन काहीच नाही, पण समुद्राची हवा घाम सुकवते आणि कळत नाही. कानात गुणगुणायला लागलं. मी एका चिडाखाली बसले, पाचच मिनिटं म्हणून. शेवटच्या माणसाच्या मागं कुणी नसतं हे त्या वेळी पहिल्यांदा माझ्या लक्षात आलं.

लाल छत्री वाटेवर परत येताना दिसली. तिच्या मागं माझी मैत्रीण पळत होती.

“तोंड दिसलं नाही,” बाई धापा टाकत म्हणाली. “या वेळी मोजलं नव्हतं.” तिनं बाटली उघडून माझ्यापुढं धरली.

मी मान हलवली.

“पी गं,” मैत्रीण म्हणाली.

“नको.”

“कावून पीत न्हाईस? सकाळपासून बघतेय म्या. बोटीतून उतरल्यापासून एक घोट न्हाई. उपास हाय का?”

मग मला सांगावंच लागलं. मराठीत, तुटक तुटक. मान, डबी, निघायचा दिवस, पाणी. ती ऐकत ऐकत माझ्यासमोर खाली बसली.

“थांब,” ती म्हणाली. “आमच्या बांधावर एक दगड हाय. दरवर्षी सुगी झाली की त्याला हळद लागलेली असती. ते तुमी?”

“आई.”

“अगं, आमची आत्या म्हणायची कुणी तरी करणी केली. दरवर्षी घागरभर पाणी ओतून धुऊन काढायची आन वर मिरच्या ओवाळायची.”

मला चक्कर येत होती तरी हसू आलं. तिलाही आलं. “आमी कदीच इचारलं न्हाई बघ,” ती म्हणाली, आणि मग उठून बाईला सगळं इंग्रजीत सांगायला लागली. तिचं इंग्रजी माझ्यापेक्षा बरं आहे, पण ‘शीव’ला तिलाही शब्द सापडला नाही. तिनं काठीनं मातीत एक रेघ ओढली, अलीकडं मेंढ्या काढल्या, पलीकडं घर काढलं, रेघेवर दगड ठेवला.

बाई त्या रेघेकडं बघत राहिली. मग मला म्हणाली, “दहा मिनिटं तग धरशील? बसमध्ये सावली आहे.”

बस खाली उतरत होती. गाव लागायच्या आधी, जिथं रस्ता एकदम वळतो आणि समुद्र समोर येतो, तिथं बाईनं ड्रायव्हरला थांबायला सांगितलं. रस्त्याच्या कडेला लोखंडी खांबावर पत्र्याचं छोटं घर होतं, कबुतराच्या खुराड्याएवढं, पुढं काचेचं दार. आत तसबीर, तेलाचा दिवा आणि थंड पेयाच्या जुन्या बाटलीत उरलेलं तेल.

“माझ्या आजोबांनी लावलं,” बाई म्हणाली. “इथंच त्यांची गाडी उलटली आणि ते वाचले. हा समुद्रावरच्या आणि वाटेवरच्या लोकांना सांभाळणारा संत. मी दर रविवारी तेल घालते. इथून पुढं गाव सुरू होतं.” तिनं मातीत ओढल्यासारखी हवेत रेघ ओढली. “घरावर नको, त्याच्या पायाशी जमिनीवर टाक.”

मी चपला काढल्या. या वेळी तिनंही बूट काढले, का ते तिलाच माहीत. खांबाच्या बुडाशी मी भंडारा वाहिला. मग आठवलं, दूध. माझा चेहरा बघून मैत्रिणीनं न बोलता पर्स उघडली आणि दुधाच्या दोन इवल्या डब्या काढल्या, बोटीवरच्या. तोंडाचं पातळ झाकण दातानं सोलून त्या मला दिल्या. दोन डब्यांत मिळून आठ-दहा थेंब असतील. ते पिवळ्यावर पडले.

मला मोठ्यानं बोलायची लाज वाटत होती. बसच्या खिडक्यांतून सगळे बघत होते. पण हे मोठ्यानंच सांगायचं असतं. मी म्हणाले, “आमी आलोय. शनिवारी निघून जाऊ. तवर संभाळ.”

मग मी बाटली घेतली आणि पाणी पिताना थांबलेच नाही.

“काय सांगितलंस?” बाईनं विचारलं.

“कधी जाणार ते.”

“माझ्या पाहुण्यांना जायची वेळ मीच सांगते. दिवसातून तीनदा,” ती बूट घालत म्हणाली. “मला ती कुणी सांगत नाही.”

परतीच्या बोटीत मी वरच्या डेकवर बसून आईला फोन लावला. तिकडं दिवस मावळून गेला होता, कोकरांचा गलका ऐकू येत होता. मैत्रीण माझ्या एका बाजूला, आणि दुसऱ्या बाकावर बाई पाय पसरून, छत्री मांडीवर घेऊन बसलेली.

“आये, दिला मान.”

 मग प्रश्न सुरू झाले. कुठं, कुणाचा देव, भंडारा किती, दूध कशाचं. देऊळ, दोर, पडलेला खांब, हेही मी सांगून टाकलं. दुधाच्या डब्यांचं ऐकून ती म्हणाली, “डबीतलं का हुईना. मेंढीचं असतं तर बरं झालं असतं.” खांबावरच्या घराचं मात्र तिनं पुन्हा सांगायला लावलं. वाटेवरच्यांना सांभाळतो म्हटल्यावर ती म्हणाली, “मग आपल्याकडलाच म्हणायचा.”

मला वाटलं, झालं. पण तिचा आवाज अजून मोकळा झाला नव्हता.

“निघायचा दिस कुठल्या बोलीत सांगितलास?”

“आपल्याच.”

“त्याला कळला का?”

 हे मला सुचलंच नव्हतं. देवाला सगळ्या भाषा कळतात असं काहीतरी म्हणता आलं असतं, पण आईनं एवढे दिवस वाट पाहिली होती. मी म्हणाले, “म्हाईत न्हाई, आये.”

“ती बाई हाय का जवळ? ती तिथलीच ना?”

“हाय.”

“मग तिला म्हण, तिच्या बोलीत सांगाया. मला ऐकू दे.”

मी फोन छातीशी धरला आणि बाईला कसंबसं सांगितलं. दिवसभर बोलून तिचा आवाज बसला होता. मला वाटलं आता ती नाही म्हणेल, किंवा हसेल. ती उठली. छत्री बाकावर ठेवली आणि बोटीच्या मागच्या कठड्याशी गेली. बेट अजून दिसत होतं, माथ्यावरचे खांब काडीएवढे. मी स्पीकर लावला आणि फोन पुढं धरला. ती ग्रीकमध्ये बोलली. दोन-तीन वाक्यं असतील. साध्याच आवाजात, शेजारच्या घरी निरोप द्यावा तसं.

बोटीच्या इंजिनाचा आवाज, मग फोनमधून कोकरांचा.

“शनिवार म्हणली का ती?” आईनं विचारलं.

मी बाईला विचारलं. तिनं होकाराची मान हलवली आणि म्हणाली, “शनिवार म्हणाले. आणि सुखरूप, असंही.”

मी आईला सांगितलं. पलीकडं भगुनं वाजलं. मग आईचा आवाज जरा लांबून आला, माझ्यासाठी नसलेला. “आवो, ऐकलं का? दूध टाका त्यात.”

“कदीचं टाकायला बसलोय,” आप्पा म्हणाले.

बाई अजून कठड्याशी उभी होती. तिनं विचारलं, “काय म्हणाल्या?”

“चहा ठेवलाय,” मी म्हणाले.

किनारा आला तेव्हा तिनं छत्री उघडून पुन्हा मिटली, उंच धरली आणि उतरायला निघाली. म्हातारं जोडपं खुर्चीवर काहीतरी विसरून परत फिरलं. मी त्यांच्यासाठी थांबले. वळणावर बाईनं मागं बघितलं, सगळ्यांच्या तोंडांवरून नजर फिरवत माझ्यापर्यंत आली, आणि मग पुढं चालू लागली.